तरंगतं देऊळ जमिनीला कशानं बांधलंय?

आधी प्रश्न थोडक्यात. विचारणारी मुलगी कोल्हापूरची आहे आणि कादंबरी लिहिते आहे. तिच्या कल्पनेतल्या 'अधरदेशा'त सात दगडी मंदिरं जमिनीपासून १,००० फुटांवर तरंगतात, चुंबकशिळांच्या जोरावर. भाविक मोठाल्या पक्ष्यांच्या पाठीवर बसून दर्शनाला जातात. शेवटी सातवं मंदिर कोसळतं. मसुदा वाचणारे सगळे एकच सांगतात, वर्णन सुरेख आहे पण मंदिर खरं वाटत नाही. नेमकं काय चुकतंय आणि कोसळण्याचा प्रसंग कसा लिहावा, असं तिनं विचारलंय.

मी २५ वर्षं जुन्या दगडी देवळांच्या दुरुस्तीचं काम करतो. शिरोळ, करवीर, पन्हाळा, कधी सीमेपलीकडे बेळगावच्या बाजूला. गेली आठ-दहा वर्षं चित्रकथा आणि खेळ बनवणाऱ्या मुलांना त्यांच्या कल्पनेतल्या वास्तू आखून देतो. त्यात तरंगती मंदिरं वरचेवर येतात, म्हणून सविस्तर लिहितो.

तुम्ही दिलेल्या उताऱ्यावरून माझं मत असं झालं की मंदिर कशानं तरंगतं याचा तुम्ही पुष्कळ विचार केलाय. ते जमिनीला कशानं बांधलेलं आहे याचा मात्र केलेला नाही. वाचणाऱ्याला खोटं वाटतं ते तिथं. जादू लोक लगेच मान्य करतात. ज्या देवळाला गाव नाही, पाण्याची वाट नाही, रोज पहाटे उठून काम करणारं माणूस नाही, ते मात्र त्यांना पटत नाही. शंभर वर्षांपूर्वी बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात चित्रपटासाठी रंगवलेल्या पडद्यांच्या जागी लांबी-रुंदी-खोली असलेले सेट उभे केले. तुमची मंदिरं अजून रंगवलेल्या पडद्यावर आहेत. त्यांच्या मागं जाता येत नाही, खाली उभं राहता येत नाही.

वजनापासून सुरुवात करू. आपला काळा पाषाण, म्हणजे बेसाल्ट, एका घनमीटरला जवळपास २.९ टन भरतो. मध्यम आकाराच्या देवळात समजा १,००० घनमीटर दगड लागला, तर २,९०० टन झाले. एवढं वजन हेलियमच्या फुग्यानं उचलायचं म्हटलं तर फुग्याचा व्यास ५८० फुटांच्या आसपास हवा. म्हणजे देवळापेक्षा फुगाच मोठा दिसेल. तेव्हा विज्ञानाच्या आधारानं उचलायचा नाद सोडा आणि निर्धास्तपणे दैवी नियम वापरा. फक्त तो नियम दगडाशी भांडणारा नको.

मसुद्यात तुम्ही लिहिलंय की चुंबकशिळेच्या प्रभावानं 'मंदिराचा प्रत्येक दगड पिसासारखा हलका झाला'. मी रोज दगड हाताळतो, म्हणून इथं मला थांबावंसं वाटलं. आपण ज्याला सरसकट हेमाडपंती म्हणतो त्या बांधणीत दगडांमध्ये चुना नसतो. दगड घासून, खाचा-खुंट्या करून एकावर एक बसवलेले असतात आणि त्यांना जागेवर धरून ठेवतं ते त्यांचं स्वतःचं वजन. वरचा दगड खालच्याला दाबतो, म्हणून खालचा हलत नाही. वजन काढून घेतलं की सांधे सैल. पहिल्या वाऱ्याच्या झोताला अख्खं देऊळ पत्त्यांसारखं विखरून आभाळात पसरेल. (हे चित्र तुम्हाला दुसरीकडे कुठं वापरता आलं तर जरूर वापरा, फार भीषण आणि सुंदर होईल.) म्हणून दगड जड तसाच राहू द्या. उचलायचं ते खालून, जोत्याखालून.

तेही मधोमध एका शिळेवर नाही. दगड दाब सोसायला पक्का, पण ताण सोसण्याची त्याची ताकद दाबाच्या साधारण दहाव्या हिश्शाएवढीच. मधोमध उचललं तर कडा खाली ओढल्या जातील आणि जोतं वरच्या अंगाला तडकेल. उचलणारी शक्ती भिंतींच्या आणि खांबांच्या बरोबर खाली, ओळीनं हवी. ही ओळ कशी दिसेल हे पाहायचं असेल तर खिद्रापूरला जा. शिलाहारांच्या काळातलं, १२व्या शतकातलं कोपेश्वराचं देऊळ. बाहेरून फिरताना खालच्या थरात हत्तींची रांग दिसते. अख्ख्या देवळाचा भार पाठीवर घेऊन ते उभे आहेत. कारागिरानं जिथं भार उतरतो तिथंच हत्ती बसवलेत. तुमच्या चुंबकशिळांना त्या हत्तींची जागा द्या. मग वाचणाऱ्याला काही समजावून सांगावं लागणार नाही, त्याला नुसतं पाहूनच पटेल.

वरचा भार कमी करायचा असेल तर तेलंगणात पालमपेटचं रामप्पा मंदिर आहे. १२१३चं, काकतीयांच्या काळातलं, २०२१मध्ये जागतिक वारशाच्या यादीत गेलं. त्याचं शिखर ज्या विटांचं आहे त्या पाण्यावर तरंगतात इतक्या हलक्या आहेत. खाली दगड, वर तरंगती वीट. आठशे वर्षांपूर्वीच्या माणसानं 'तरंगणं' हा गुण नेमका कुठं वापरायचा हे ओळखलं होतं. तुमच्या सातपैकी एखाद्या देवळाचं शिखर अशा विटांचं करा. त्या भट्टीवाल्यांचं एक गावच असू शकेल.

आता मुख्य गोष्ट. माझं पहिलं तरंगतं देऊळ मी एका चित्रकथेसाठी काढलं होतं. शिखर, आमलक, कळस, सगळं मोजून-मापून. त्या दिवसांत एका जुन्या देवळाचं काम चालू होतं. जेवणाच्या सुट्टीत तिथल्या वयस्क पाथरवटाला मी ते चित्र दाखवलं. त्यांनी बराच वेळ पाहिलं आणि म्हणाले, "शिखर झ्याक काढलंय. पर अभिषेकाचं पाणी कुठं पडतंय?" मी गोमुखच काढलं नव्हतं. मग त्यांनी पुढं विचारलं, "खाली कुणाचं तरी रान असंल की?"

त्या दुसऱ्या प्रश्नापाशी माझं सगळं काम बदललं. कुणाचं तरी रान असणारच. हजार फुटांवरून गोमुखातलं पाणी पडायला लागलं की धार टिकत नाही. आधी तिचे थेंब होतात, मग तुषार, आणि वारा असेल तर ते तुषार खाली न येता बाजूला जातात. पावसाळ्यात सह्याद्रीच्या कड्यांवर वाऱ्यानं उलटे उडणारे धबधबे तुम्ही पाहिले असतील. म्हणजे तुमच्या देशात तीर्थ कुठल्या गावावर पडणार हे वारा ठरवणार. पश्चिमेचा वारा सुटला की एका गावाला, पूर्वेचा सुटला की दुसऱ्याला. तिथं वाद होणार, वाटण्या होणार, कुणीतरी जुना कागद काढून 'आमच्या पणज्याच्या वेळेपासून हे तीर्थ आमचं' म्हणणार. मसुद्यात राजपुत्र आणि राक्षसाच्या लढाईला तुम्ही चाळीस पानं दिलीत. या भांडणाला दहा द्या, लोक ती दहा पानं लक्षात ठेवतील.

पाणी खाली जातं तसं वरही जायला हवं. तुमच्या मंदिरात अभिषेकाला पाणी येतं कुठून, हे कुठंच लिहिलेलं नाही. इथं कोल्हापुरात आषाढात पंचगंगेला नवं पाणी आलं की ते घागरीत भरून, वाजतगाजत, पी-ढबाकच्या तालावर त्र्यंबोलीच्या टेकडीवर नेतात आणि देवीच्या पायऱ्यांवर ओततात. नदीचं नवं पाणी उंचावरच्या देवीला सांगायला जायचं, एवढी साधी आणि मोठी गोष्ट. टेकडीच्या जागी तरंगतं देऊळ ठेवून पाहा. वर्षातून एक दिवस खालचं प्रत्येक घर एक घागर वर पाठवतं. त्या एका दिवसात वरची टाकी भरते आणि वर्षभर पुरते. पाऊस कमी झाला त्या वर्षी घागरी अर्ध्या जातात. काही न बोलता सगळ्या देशाला दुष्काळ कळतो.

आणि पावसाचं पाणी? जुलैत गगनबावड्याकडे दिवसाला १०० मिलिमीटर पाऊस ही काही नवलाची गोष्ट नाही. तुमच्या देवळाचं आवार समजा ४०० चौरस मीटर आहे आणि पाणी जायच्या वाटा पानांनी, निर्माल्यानं तुंबल्या. एका दिवसात ४० घनमीटर पाणी साचलं, म्हणजे ४० टन. यात्रेला ५०० माणसं वर आली तरी त्यांचं वजन ३० टनांच्या आसपास. म्हणजे तुंबलेली मोरी अख्ख्या यात्रेपेक्षा जड. अशा जगात मोऱ्या साफ ठेवणारं घराणं पुजाऱ्याच्या बरोबरीचं मानाचं असलं पाहिजे. आपल्याकडे जमिनीवरच्या देवळांतही मी हेच पाहत आलोय. मी हाताळलेल्या देवळांत जास्त नुकसान आक्रमणानं नाही, तुंबलेल्या पाण्यानं आणि सांध्यात रुजलेल्या पिंपळानं झालेलं होतं. तरंगत्या देवळाच्या भिंतीत पिंपळ उगवला तर तो कोण काढणार, दोरावर लोंबकळत? त्या माणसावर एक प्रकरण लिहा, माझी विनंती समजा.

चुंबकाबद्दल. सॅम्युअल अर्नशॉ या इंग्रज गणितज्ञानं १८४२मध्ये दाखवून दिलं की नुसत्या स्थिर चुंबकांच्या रेट्यावर कोणतीही वस्तू हवेत स्थिर राहू शकत नाही. ती कुठल्या तरी बाजूला घसरते किंवा उलटते. तुम्हाला ही अडचण वाटेल, पण मला यात तुमच्या कादंबरीचा जीव दिसतो. देऊळ वर राहायला चुंबकशिळा पुरेशी आहे, जागेवर राहायला पुरेशी नाही. जागेवर धरायला माणसं लागतात.

चैत्रात ज्योतिबाच्या डोंगरावर सासनकाठ्या पाहिल्यात ना? उंचच्या उंच काठी, पेलणारा एक, आणि तिला चारी बाजूंनी बांधलेल्या दोऱ्या, म्हणजे तोरण्या, ताणून धरणारी माणसं. काठी एकीकडे कलली की समोरची तोरणी ओढायची, हलक्या हातानं, गुलालात डोळे उघडे ठेवून. एकानं ढिलाई केली की काठी गेली. आणि प्रत्येक काठी कुठल्या तरी गावाची, तिचा क्रम ठरलेला, मान ठरलेला. तुमच्या देवळाला अशाच तोरण्या हव्यात. चार दिशांना चार गावं, प्रत्येक गावाकडे एक दोर. दोर फक्त ओढू शकतो, ढकलू शकत नाही. म्हणून देवळाची वर जायची ओढ त्याच्या वजनापेक्षा थोडी जास्त ठेवा, तरच दोर ताठ राहतील. देऊळ जड झालं की दोर सैल पडतात, आणि दोर सैल पडला की गावाला रात्रीतूनही कळतं.

आता बघा काय झालं. एका गावानं मान नाकारला म्हणून दोर सोडला, तर देऊळ उरलेल्या तीन गावांकडे सरकतं. गावकी, भाऊबंदकी, रुसवे-फुगवे, सगळं देवळाच्या जागेत दिसायला लागतं. तुम्ही ज्या राक्षसाला चौथ्या भागात आणलंय त्याची मग गरजच राहणार नाही, असं मला मनापासून वाटतं.

पक्षी काढून टाका. यात्रेला जाणं सोपं झालं की यात्रा उरत नाही, आणि पक्ष्यावरून हार-फुलं जातील, पण तेल, लाकूड, दुरुस्तीचा दगड कसा जाणार? आपल्याकडे यावर फार जुनं उत्तर आहे, मोट. विहिरीवर बैल धावेवरून उतारानं चालत जातात तशी मोट वर येते. धाव जेवढी लांब तेवढंच पाणी खोलातून येतं. मोट उलटी करा. देवळाच्या कडेला भक्कम लाकडी चाक, त्यावरून खाली येऊन जमिनीलगतच्या दुसऱ्या चाकातून वळलेला दोर, एका टोकाला पाळणा, दुसऱ्या टोकाला बैलजोडी. देऊळ १,००० फुटांवर असेल तर धाव १,००० फूट लांब. ती धाव हाच खालचा बाजाररस्ता होऊ द्या. दोन्ही बाजूंना पेढे, चिरमुरे, नारळ, आणि मधून बैल चालतायत. बैल रस्त्याच्या शेवटाला पोचले की वर कुणीतरी देवाच्या दारात उतरलं, हे बाजारातल्या पोरालाही माहीत.

उंचीबद्दलही बोलायचं आहे. १,००० फूट हा आकडा तुम्ही गोल आहे म्हणून निवडलाय असं वाटतं. आंध्रात लेपाक्षीच्या वीरभद्र मंदिरात एक खांब आहे, १६व्या शतकातला, जो जमिनीला पुरता टेकलेला नाही. फट एवढीशी की लोक तिच्यातून कापड सरकवून पाहतात. बोटभरसुद्धा उंची नाही, तरी माणसं लांबून येतात, कारण तिथं हातानं खात्री करता येते. तुमच्या सात देवळांपैकी एक तरी इतकं खाली ठेवा की आजीला वाकून त्याच्याखालून पदर सरकवता येईल. सगळी एकाच उंचीवर असली तर ती देवळं राहत नाहीत, दिवे लावलेले खांब होतात.

उंची रोज थोडी बदलतीही ठेवा. पावसाळ्यात कोल्हापुरात माणसं भेटली की पहिलं विचारतात, "पाणी किती फुटावर?" राजाराम बंधाऱ्याला ३९ फूट म्हणजे इशारा, ४३ म्हणजे धोका, हे इथं शाळेतल्या मुलाला पाठ असतं. २०१९ आणि २०२१ला पाणी ५५ फुटांच्या वर गेलं तेव्हा ते आकडे आम्ही झोपेतही ऐकत होतो. अधरदेशात माणसं भेटली की विचारतील, "देऊळ किती हातावर?" या एका वाक्यानं जे होईल ते पानभर वर्णनानं होणार नाही. आणि पातळी बदलली की विधीही बदलला पाहिजे. नृसिंहवाडीला कृष्णेचं पाणी चढत चढत देवळात शिरतं, उत्तरेच्या दारानं आत येऊन पादुकांवरून दक्षिणेच्या दारानं बाहेर पडतं, त्या वेळी लोक त्या पाण्यात स्नान करतात. दक्षिणद्वार सोहळा. उत्सवमूर्ती त्याआधीच वर हलवलेली असते. पूर आला म्हणून पूजा थांबत नाही, तिची जागा बदलते. तुमच्या पुजाऱ्यांना देऊळ दहा हात खाली आलं तर काय करायचं, वीस हात आलं तर काय, हे पिढ्यान्पिढ्या ठाऊक असलं पाहिजे. मसुद्यात ते नुसते घाबरतात.

सूर्याकडे येऊ, कारण इथं तुम्ही एक मोठी संधी हुकवलीत. अंबाबाईचं देऊळ पश्चिमाभिमुख आहे. ९, १०, ११ नोव्हेंबरला आणि ३१ जानेवारी, १, २ फेब्रुवारीला मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात. पहिल्या दिवशी पायांपर्यंत, दुसऱ्या दिवशी छातीपर्यंत, तिसऱ्या दिवशी मुखावर, असा क्रम. हाच किरणोत्सव. हे दोन्ही काळ डिसेंबरातल्या सर्वांत लहान दिवसापासून दोन्हीकडे सारख्या अंतरावर आहेत, म्हणून सूर्य दोन्ही वेळा क्षितिजावर त्याच जागी मावळतो. वाटेत एखादी इमारत उंच झाली तरी किरणं अडतात आणि गावात त्याची चर्चा होते.

आता देऊळ तरंगतंय आणि फक्त एक अंश फिरलंय असं धरा. दारापासून मूर्ती १०० फूट आत असेल तर किरणं पावणेदोन फूट बाजूला पडतील. मूर्ती चुकली. म्हणजे किरणोत्सवाच्या आदल्या आठवड्यात चारही गावं आपापल्या तोरण्या बोटबोटभर ओढून देऊळ नेमक्या दिशेला आणत असणार. तो आठवडा मी तुमच्या जागी असतो तर कादंबरीच्या मध्यभागी ठेवला असता. चौघांचं एकमत झालं तरच देवीच्या मुखावर ऊन पडणार. त्यात ज्या गावाशी भांडण आहे त्या गावाचा दोरही लागणारच.

खाली सावली पडते तिचंही गणित आहे आणि ते मला फार आवडतं. सूर्याचं आपल्यापासूनचं अंतर त्याच्या व्यासाच्या साधारण १०८ पट आहे. म्हणून सूर्य डोक्यावर असताना तरंगती वस्तू तिच्या रुंदीच्या साधारण १०८ पट उंचीपर्यंत जमिनीवर गडद सावली टाकते, त्यापुढं सावलीचा गाभा जमिनीपर्यंत पोचत नाही. ४० फूट रुंद देऊळ ४,३०० फुटांच्या वर गेलं की त्याची गडद सावली संपली, नुसता फिकट डाग उरला. जपमाळेतले मणी १०८ असतात, याचा तुमच्या जगात कुणी ऋषी नक्कीच काहीतरी अर्थ लावेल. तुमच्या १,००० फुटांवर सावली चांगली ठळक पडेल, कडा तेवढ्या मऊ. कोल्हापुरावर सूर्य वर्षातून दोनदा बरोबर डोक्यावर येतो, मेच्या सुरुवातीला आणि ऑगस्टच्या सुरुवातीला. ऑगस्टातला ढगात जातो. मेमधल्या त्या दुपारी देवळाची सावली नेमकी त्याच्या पायाखाली येते. एरवी ती रोज गावभर हिंडते. कुणाच्या अंगणातून, कुणाच्या उसावरून. सावली ज्या घरावरून जाते त्या घरातली बाई त्या वेळी चूल पेटवत नाही, असं काहीतरी तुम्हालाच सुचेल.

आवाजाचं एका ओळीत सांगतो. हजार फुटांवरून घंटा जवळपास एका सेकंदानं ऐकू येते. काकडआरतीचा दिवा आधी दिसतो, घंटा मागून.

आणि देवळाच्या बरोबर खाली काय आहे? तुम्ही 'हिरवं कुरण' लिहिलंय. रंकाळ्याची जागा पूर्वी दगडाची खाण होती असं इथं मानतात. दगड निघाला, खड्डा राहिला, पाणी भरलं, तळं झालं. तुमचं देऊळ जमिनीतून वर गेलं असेल तर जोत्याच्या आकाराचा खड्डा मागं राहिला असणार. त्यात पाणी साचलं असणार. प्रत्येक तरंगत्या देवळाखाली त्याच आकाराचं तळं ठेवा. शून्य सावलीच्या दिवशी, म्हणजे सूर्य बरोबर डोक्यावर असतो त्या दुपारी, देवळाची सावली त्या तळ्यात किनाऱ्याला किनारा लावून बसते. मोजायचं साधन तयार झालं. सावली काठाबाहेर गेली तर देऊळ सरकलंय.

आता सातव्या मंदिराबद्दल. ते कोसळू नका देऊ. १,००० फुटांवरून दगड आठ सेकंदांत खाली येतो. तीनशे पानं ज्याच्यासाठी वाचली ते आठ सेकंदांत संपेल, आणि धूळ खाली बसेपर्यंत वाचणाऱ्याला कुणाबद्दल काय वाटायला हवं हेच कळणार नाही.

रंकाळ्याकाठच्या नंदीची गोष्ट तुमच्या आजीनं सांगितली असेल. नंदी रोज गव्हाभर पुढं जातो आणि तांदळाभर मागं येतो. तो तळ्यापाशी पोचला की प्रलय. लहानपणी आम्ही खडूनं खूण करून यायचो. सातवं मंदिर असं खाली येऊ द्या. दिवसा गव्हाभर खाली, रात्री तांदळाभर वर. फरक समजा एका मिलिमीटरचा पडतो. वर्षाला सव्वा फुटाहून थोडं कमी. १,००० फूट उतरायला ८३० वर्षांच्या आसपास लागतील. खिद्रापूरचं देऊळ साधारण तेवढ्याच वयाचं आहे. म्हणजे एखाद्या राजवंशानं देऊळ वर पाठवलं तेव्हापासून ते खाली येतंच होतं. पहिल्या दहा पिढ्यांना कळलंही नाही. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की मोटेची धाव आखूड करावी लागतेय, बाजारातली शेवटची दोन दुकानं बैलांच्या वाटेबाहेर राहिलीत.

खिद्रापुरात आणखी एक गोष्ट आहे. शिवासमोर नंदी नाही. पाहणाऱ्याला आधी ते चुकल्यासारखं वाटतं, मग त्या रिकाम्या जागेकडेच लक्ष जात राहतं. तुमच्या सातव्या मंदिराचा नंदी देवळाबरोबर वर गेलाच नाही असं करा. तो खाली तळ्याच्या काठावर बसलाय, मान वर करून. कुणी घडवला तेव्हा त्याची मान इतकी वर का ठेवली हे कुणाला माहीत नाही, कारण एवढी वर पाहणारा दुसरा नंदी देशात कुठंच नाही. वर गर्भगृहासमोर त्याच्या जागी नुसता चौथरा.

आणि शेवटची काही प्रकरणं पाण्यावर लिहा. देऊळ हजार फुटांवर होतं तेव्हा तीर्थ तुषार होऊन वाऱ्यावर जायचं, कुणाच्या वाट्याला येईल सांगता यायचं नाही. तीनशे फुटांवर आलं तेव्हा थेंब पडायला लागले, तीर्थ ज्याच्या-त्याच्या रानात ठरून पडू लागलं, भांडणं मिटली आणि काही नवी सुरू झाली. पन्नास फुटांवर धार दिसायला लागली. वीस फुटांवर तळ्यात धार पडल्याचा आवाज गावभर ऐकू यायला लागला, रात्रीचाही. लोकांना त्या आवाजाची सवय झाली, त्याच्याशिवाय पोरं झोपेनात. मग धार आखूड होत गेली, आवाज बारीक होत गेला. एका पहाटे मोऱ्या साफ करणाऱ्या घराण्यातली म्हातारी उठते, कान देते, आणि गोमुखातून पाणी पडल्याचा आवाज येत नाही. ती कंदील घेऊन तळ्यापाशी जाते. गोमुख पाण्याला टेकलेलं आहे. नंदीच्या समोर, आता मान वर करावी लागणार नाही एवढ्या उंचीवर, गाभाऱ्यातला दिवा दिसतोय.